चौथ्या पाण्यावर थांबलेले मृदंग

शुक्रवार, ११ मे १८९४. सकाळी सहा वाजून वीस मिनिटे. ही वेळ रेल्वेच्या घड्याळाची. कल्याण गावच्या घड्याळात तेव्हा सहाला दहा कमी होती. पण माल रेल्वेने जाणार असल्यामुळे मी माझी वही रेल्वेच्या वेळेने ठेवीत असे.

त्या वेळी मी वखारीच्या मागच्या पडवीत संदूक उघडला. संदूक सागवानी होता, आतून जस्ताचा पत्रा ठोकलेला आणि चारही बाजूंनी ओले गोणपाट लावलेले. आत दोन उष्णतामापक टांगले होते. एकाच्या गोळीवर ओले फडके होते, दुसरा कोरडा. कोरड्याचा आकडा अठ्ठ्याऐंशी, ओल्याचा शहाऐंशी. इतक्या जवळच्या आकड्यांचा अर्थ एकच, की संदुकातली हवा पाण्याने भरलेली होती, जशी ती जहाजाच्या तळघरात असते. आदल्या संध्याकाळपासून त्या हवेत सहा मृदंग होते. मी सतरा क्रमांकाचा बाहेर काढला, मांडीवर घेतला आणि मधल्या काळ्या शाईवर बोट मारले.

आवाज आला तो ओल्या भिंतीवर थाप मारल्यासारखा.

हार्मोनियमच्या शेजारी बसून मी सहाही मृदंग तपासले. तीन आणि सव्वीस या क्रमांकांचे सूर जागेवर होते. नऊ, सतरा, तेहेतीस आणि एकेचाळीस यांचे सूर एकापासून दोन स्वरांपर्यंत उतरले होते. वखारीत आणखी बेचाळीस मृदंग ओळीने उभे होते, एकूण अठ्ठेचाळीस. आठ दिवसांनी, शनिवारी, मुंबईचे शेठ ते पारखायला येणार होते आणि तिथून माल मॉरिशसच्या बोटीवर चढणार होता.

आमचा मूळ धंदा लाकडाचा. मुरबाड-शहापूरच्या रानांतून आलेले लाकूड वडील कल्याणच्या वखारीत उतरवून घेत आणि चरकावर कातून त्याची मृदंगाची खोडे करीत. खोड म्हणजे मृदंगाचे पोकळ अंग. त्यावर चामड्याची पुडी चढवणे, ती ताणणाऱ्या वाद्या ओढणे, लोखंडाचा कीस आणि भात घोटून केलेल्या शाईचे थरावर थर देणे, हे सगळे काम नानांचे. नाना साताऱ्याकडून येऊन आमच्या वखारीत वसले, त्याला तेव्हा तीस वर्षे होत आली होती. त्यांचा एकुलता मुलगा वारला होता. विधवा सून त्यांच्याबरोबर राही आणि पुडीच्या कडेचा चामडी गजरा विणून देई. मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांवर गेलेल्या आपल्या लोकांनी तिथे देवळे बांधली होती, भजनाला मृदंग हवे होते आणि ते पुरवण्याचे काम शेठांनी घेतले होते.

पहिली खेप १८९३च्या दिवाळीच्या सुमाराला गेली. चाळीस मृदंग. कल्याणहून निघताना एकेक असा बोलत होता की वखारीबाहेर माणसे थांबली. पोचल्यावर त्यातले तीसहून अधिक मुके निघाले. फेब्रुवारीत शेठांचे पत्र आले. पुढची खेपही अशीच गेली तर नंतर वखारीने नुसती खोडे पाठवावी, पुड्या मुंबईत चढवल्या जातील. वडिलांना याने फार फरक पडला नसता. खोडे विकली जाणारच होती. फरक पडणार होता तो नानांना. मुंबईच्या कारखान्यात साठीच्या माणसाला कोणी घेणार नव्हते, आणि गजरे विणणाऱ्या बाईला तर नाहीच.

माझे वय तेव्हा तेवीस. मुंबईच्या कॉलेजात दोन वर्षे रसायन आणि पदार्थविज्ञान शिकून, आई गेल्यावर घर सांभाळायला मी परत आले होते. परत यावे लागल्याचा राग माझ्या मनात होता हे आता लिहायला हरकत नाही. शेठांचे पत्र मला आपत्तीपेक्षा संधीसारखेच अधिक वाटले. पुडी समुद्रावर का उतरते याचा शोध घ्यावा, त्यावर निबंध लिहावा आणि तो प्राध्यापकांकडे पाठवावा, असे मी ठरवून टाकले.

कारण मला आठवड्याच्या आत सापडले. मीठ. आमच्याकडे येणारी बकऱ्याची कातडी ठाण्याच्या खाडीकाठी मिठात मुरवलेली असत. मिठागरावरचे ते मीठ ओलसर, कडवट. हवेतले पाणी ओढून घेणारे. कातड्यात मीठ राहिले की कोरड्या हवेत काहीच कळत नाही, पुडी टणटण वाजते. दमट हवेत तेच मीठ पाणी पिते आणि कातडे सैल पडते. नाना कातडी विहिरीच्या गोड्या पाण्यात धूत. एक पाणी एक दिवस. अशी सात पाणी झाली की ओल्या कातड्याचा मानेकडचा भाग, जो सर्वांत जाड, तो जिभेला लावून बघत. जिभेला खारट लागले नाही तर म्हणत, "गोडी आली." मग कातडे वर निघे.

मला ती जीभ सहन होत नसे. चांदीपासून केलेल्या क्षाराचे थोडे द्रावण कॉलेजातून आणलेल्या निळ्या बाटलीत माझ्याकडे होते. मिठाच्या पाण्यात त्याचा एक थेंब पडला तरी पाणी दुधासारखे गढूळ होते. मार्चमध्ये कातड्यांचा दुसरा गठ्ठा आला तेव्हा मी रोज हौदातले पाणी घेऊन त्यात थेंब टाकू लागले. चौथ्या दिवशी पाणी जवळजवळ स्वच्छ राहिले.

"नाना, चार पाण्यांत काम झालं," मी म्हटले. "तीन दिवस वाचले. आता जीभ लावायची गरज नाही."

नानांनी बाटली हातात घेतली, उजेडाकडे धरली.

"ह्यात समदं कळतं?"

"सगळं."

"मग बरं झालं, ताईसायब," एवढेच ते म्हणाले आणि कातडी वर काढली.

तीस वर्षांची रीत त्यांनी एका वाक्यावर सोडून दिली, याचे मला त्या दिवशी आश्चर्य वाटायला हवे होते. मला फक्त आनंद झाला.

आता मे महिन्यातल्या त्या सकाळी माझ्यासमोर चार मुके मृदंग होते. पहिला विचार अर्थातच चौथ्या पाण्याचा आला. एक ते वीस हे मृदंग फेब्रुवारीतल्या कातड्यांचे, म्हणजे नानांच्या पद्धतीने सात पाणी झालेले. एकवीसपासून पुढचे अठ्ठावीस माझे, चार पाण्यांचे. मी वही उघडून सहा क्रमांकांची वाटणी केली. माझ्या गटातले तिनापैकी दोन उतरले होते. नानांच्या गटातलेही तिनापैकी दोनच.

मला क्षणभर बरे वाटले. दोष माझ्या एकटीचा नव्हता, असे आकडे सांगत होते. ते बरे वाटणे जेमतेम मिनिटभर टिकले, कारण मग प्रश्न उभा राहिला: सात पाण्यांनंतर नानांनी जीभ लावली होती. जिभेला मीठ कसे कळले नाही?

नानांची सून पडवीच्या पायरीवर गजरा विणीत होती. पुडी कापताना उरलेल्या कातड्याच्या पट्ट्या ती टाकत नसे. प्रत्येक कातड्याच्या पट्ट्यांची वेगळी जुडी बांधून ठेवी. मी तिच्याकडून सतरा आणि एकेचाळीस क्रमांकांच्या जुड्या मागितल्या.

"कशाला, ताई?"

"पाण्यात भिजवून बघायच्या आहेत."

तिने माझ्याकडे नीट बघितले, काही बोलणार असे वाटले, आणि मग ती आत जाऊन जुड्या घेऊन आली.

वाफेपासून मिळवलेल्या शुद्ध पाण्यात मी पट्ट्या दोन तास ठेवल्या, मग चिमट्याने पिळल्या. दोन्ही पेल्यांत निळ्या बाटलीतला एकेक थेंब टाकला. दोन्ही पेले दह्यासारखे झाले. माझी चूक मला तिथेच दिसली, आणि ती विद्यार्थिनीलाही न शोभणारी होती. मी हौदातले पाणी तपासले होते, कातडे तपासलेच नव्हते. पाणी स्वच्छ होते कारण मीठ बाहेर येत नव्हते. ते कातड्याच्या जाडीत अडकून बसले होते. नानांची जीभ निदान योग्य जागी, कातड्यावर लागत होती.

तरीही ती चुकली होती. का, हे शोधण्यासाठी मी जे केले त्याची मला अजून लाज वाटते. मी दोन पट्ट्या घेतल्या. एक धुऊन-धुऊन अगदी निर्मळ केलेली, दुसरी मुद्दाम मिठाच्या पाण्यात बुडवलेली. नाना खोडावर वादी ओढत बसले होते. मी दोन्ही त्यांच्यापुढे धरल्या.

"नाना, जरा सांगा बरं, यातली गोडी कुठली?"

त्यांनी पहिली जिभेला लावली. मग दुसरी. दुसरीवर मीठ इतके होते की कोणाही माणसाचे तोंड वाकडे झाले असते.

"दोनी गोड्या हाईत," ते म्हणाले.

त्यांनी माझ्या चेहऱ्याकडे बघितले आणि हातातली वादी खाली ठेवली.

"कोंची खारट हुती?"

"दुसरी."

"लई?"

"खूप, नाना."

बराच वेळ ते खोडावरून हात फिरवत राहिले. मग म्हणाले, "गेल्या पावसाळ्यात ताप आला न्हाई का, पंधरा दिस? तवापास्नं. भाकरी खातोय का माती, त्ये बी कळत न्हाई."

म्हणजे पहिली खेपही त्याच तोंडाने पास झाली होती.

"मग मार्चमध्ये मी चार पाणी म्हटलं तेव्हा तुम्ही काहीच कसे बोलला नाहीत?"

"तुमी म्हनला, बाटलीत समदं कळतं. मला वाटलं, देवानंच धाडली बाटली. माजी जीभ न्हाई तर न्हाई, तुमची बाटली हाय. आता कुणाला सांगायची पाळी येनार न्हाई." त्यांनी मान वर केली. "तुमाला काय वाटलं?"

मला वाटले होते की त्यांना माझे पटले. मी त्यांच्या गप्प बसण्यावर विसंबले होते आणि ते माझ्या बाटलीवर. अठ्ठेचाळीस कातड्यांकडे आम्हा दोघांपैकी कोणीच खरे बघितले नव्हते.

"शेठांना सांगू नगा," ते म्हणाले. "जिबंचं तेवडं सांगू नगा."

मी शब्द दिला.

नव्याने पुड्या चढवायला वेळ नव्हता. धुणे, ताणणे आणि शाईचे थर वाळवणे यांत एका पुडीचे तीन आठवडे जात. उरलेला मार्ग एकच होता: कोणते मृदंग समुद्रावर टिकतील हे शोधून काढणे. संदुकात सहाच मावत. सहा झाले होते, बेचाळीस उरले होते, म्हणजे सात दिवस. शुक्रवारी संध्याकाळी भरलेला संदूक शनिवारी सकाळी उघडायचा, असे करत शेवटचे सहा पुढच्या शुक्रवारी सकाळी बाहेर यायचे. एक गोणपाट सुकला, एक सकाळ वाया गेली, तर सहा मृदंग न तपासलेले राहणार होते. गोणपाटांवर पाणी मारण्यासाठी मी दर तीन तासांनी उठबस करीत होते. रोज पाणी भरायला नाना स्वतः येत. आम्ही एकमेकांशी फक्त आकडे बोलत होतो.

"आज किती?"

"सहातले दोन."

"दोन ऱ्हायले का दोन गेले?"

"दोन राहिले."

सोमवारी सहातला एकच राहिला. त्या दिवशी त्यांनी विचारलेसुद्धा नाही. मी संदुकाचे झाकण उघडताच त्यांनी आवाज ऐकला होता.

अर्ध्या स्वराहून अधिक उतरलेला मृदंग मी बाद धरीत होते. शुक्रवारी, १८ मेला, बेरीज झाली. नानांच्या विसापैकी बारा टिकले. माझ्या अठ्ठाविसापैकी दहा. पातळ कातड्यांतून मीठ चार पाण्यांतही सुटले होते, जाड्यांतून सात पाण्यांतही नाही. सात हा काही जादूचा आकडा नव्हता. पूर्वी जिभेला खारट लागले तर नाना आठवे, नववे पाणी देत असत. मी मोजणी शिकले होते आणि मोजायची गोष्ट चुकवली होती.

अठ्ठेचाळिसातले बावीस.

वडिलांनी वही वाचली, चष्मा काढला आणि वखारीचे दार आतून लोटून घेतले.

"उद्या तू गप्प राहायचं."

"आबा, सव्वीस मृदंग बोटीवर मुके होणार आहेत."

"इथे वाजतायत ना? शेठ वाजवूनच घेणार आहेत. माल पसंत पडला की तो त्यांचा."

"आणि चार महिन्यांनी पत्र आलं की?"

"चार महिन्यांनी आलं तर नानांचं काम चार महिन्यांनी जाईल. उद्या तू तोंड उघडलंस तर उद्या जाईल." आवाज चढला नव्हता. "तू मला हिशोब शिकवतेस, तर हा पण करून बघ, पोरी. त्या घरात दोन माणसं जेवतात."

हा हिशोब चुकीचा नव्हता. मी त्याला दुसरा हिशोब लावून पाहिला. बावीसच गेले आणि ते टिकले, तर काम राहील. पण बावीस घ्यायला शेठ तयार होतील की रागाने सगळेच बंद करतील, याचा आकडा माझ्या वहीत नव्हता. त्यासाठी संदूक नव्हता.

"मी माझी चूक सांगणार आहे," मी म्हटले. "चार पाण्यांची. ती माझी आहे, ती सांगायला मला कोणाची परवानगी नको."

"नि नानांची?"

"ती मी सांगणार नाही."

वडिलांनी दार उघडले आणि बाहेर गेले. हो म्हणाले नाहीत, नाहीही म्हणाले नाहीत.

शनिवारी नऊच्या गाडीने शेठ आले. अंगरख्याला मुंबईचा घाम, हातात छत्री. वखारीतली हवा कोरडी होती आणि अठ्ठेचाळीस मृदंग ओळीने उभे. शेठ स्वतः भजनी होते. त्यांनी पहिल्यापासून सुरुवात केली आणि एकेकावर बोटे मारत पुढे सरकत गेले. प्रत्येक मृदंग बोलला. बाद ठरलेला नऊ क्रमांकाचा तर बाकीच्यांपेक्षा गोड बोलला.

"वाह, नाना! आ तो बंदरापर्यंत ऐकू जाईल," शेठ हसले. मग हसू आवरून वडिलांकडे वळले. "पण गेल्या खेपेला पण असाच बोलत होता, भाई. मी पण इथे उभा राहून असाच खुश झालो होतो."

नानांनी खाली बघितले. मी वही उघडली.

"शेठजी, यांतले बावीसच टिकतील."

मी उभ्या-उभ्या सांगून टाकले. संदूक, दोन उष्णतामापक, चौथे पाणी, हौदाच्या पाण्याची फसवी परीक्षा. चूक माझी, हे वाक्य मी आदल्या रात्री पाठ केले होते आणि ते न अडखळता म्हटले. शेठांनी मध्ये एकदाही थांबवले नाही. वही हातात घेतली, पाने उलटली. अक्षर मराठी होते, पण आकडे त्यांना वाचता येत होते.

"बेन, तुझी चूक अठ्ठावीस मृदंगांची," ते हळू म्हणाले. "हे वीस तर नानांच्या जिभेचे. यांतले आठ कसे बाद?"

आकडे इतके नीट लिहिले होते की प्रश्न त्यांतूनच निघाला. मी नानांना शब्द दिला होता.

शेठ पायरीवर बसलेल्या सुनेजवळच्या जुड्यांपाशी गेले आणि एक पट्टी उचलून नानांपुढे धरली.

"नाना, मला बाटलीबिटली समजत नाय. मी तुमच्या जिभेवर मॉरिशसला शब्द दिला होता. लावा आणि सांगा. ही कशी आहे?"

वखारीत चरकसुद्धा थांबला होता. नानांनी पट्टी घेतली. ते अंदाजाने काहीही सांगू शकत होते. ते बरोबर येण्याची शक्यता निम्मी होती. पट्टी ओठांपर्यंत गेली. मग त्यांनी ती खाली घेतली.

"जीभ गेली माजी, शेठ. वरीस हुईल आता."

"अने मला कोणी सांगितलं नाय?"

"कुनालाच ठावं नव्हतं."

"मला ठाऊक होतं," पायरीवरून आवाज आला.

नानांची सून उभी राहिली होती. डोक्यावरचा पदर एका हाताने धरलेला, दुसऱ्या हातात अर्धा गजरा. ती इतक्या माणसांपुढे बोललेली मी त्याआधी कधी ऐकली नव्हती. बायांनी गजरा विणावा, कातड्याला जीभ लावावी ती हत्यार धरणाऱ्या कारागिरानेच, अशी त्या घरातली रीत होती.

"फेब्रुवारीतच कळलं मला. गजरा विणताना वादी दातांत धरावी लागते. खारट लागली."

"मग बोलली का नाहीस?" हे मी विचारले.

"कुणाला सांगू? मामंजींना? त्यांना सांगायचं, की तुमची जीभ गेली? का तुम्हाला? तुम्ही तर बाटली धरून उभ्या होता."

शेठांच्या ओठांच्या कडा हलल्या, पण ते हसले नाहीत. त्यांनी वेगवेगळ्या जुड्यांतून सहा पट्ट्या काढायला लावल्या आणि मला सांगितले, "बेन, तू तुझ्या बाटलीनं बघ, ही तिच्या तोंडानं बघेल. बोलायचं नाय एकमेकींशी."

तिने नानांकडे पाहिले. नानांनी मान हलवली. तो होकार होता की नुसता थकवा, हे मला सांगता येणार नाही. तिने पाठ फिरवून पदराआड एकेक पट्टी जिभेला लावली आणि दोन ढीग केले. मी सहा पेले मांडले. भिजायला तास लागला. त्या तासात शेठ एकदाही बसले नाहीत. नाना मात्र खोडाला टेकून बसले होते आणि त्यांच्या हातांना पहिल्यांदाच काही काम नव्हते.

सहापैकी पाच जुळल्या. सहावी तिने गोडी म्हटली होती आणि माझ्या पेल्यात अगदी फिकट धूसरपणा आला होता.

"ती गोडीच आहे," ती म्हणाली.

"पेला बघ."

"पेला तुम्ही बघा. एवढ्यानं पुडी उतरत नाही."

त्या पट्टीचा मृदंग माझ्या टिकणाऱ्या बाविसांत होता. मी ते शेठांना सांगितले, कारण न सांगणे खोटे झाले असते.

शेठांनी छत्री उचलली. बावीस मृदंग बांधायला सांगितले. सव्वीस इथेच राहतील, पुन्हा सोलून पुड्या चढतील. मग नानांपुढे उभे राहून म्हणाले, "नाना, मी धंदा करतो. तुमच्यावर राग नाय, पण शब्द पण देत नाय. बाविसातले चारपेक्षा जास्त मुके निघाले, तर पुढच्या साली नुसती खोडं. चारपर्यंत चालेल. समुद्र आहे, बोट आहे, थोडं जाणारच."

"चार," नाना म्हणाले, जणू तो आकडा त्यांना पाठ करायचा होता.

माल मंगळवारी निघाला. त्याच पावसाळ्यात आम्ही सव्वीस पुड्या सोलल्या. नव्या कातड्यांना नऊ-नऊ, दहा-दहा पाणी दिली. प्रत्येक कातड्याच्या मानेकडची पट्टी आधी सून जिभेला लावी, मग मी पेल्यात पिळी. आमचे बहुधा जुळे. न जुळले तर आणखी एक पाणी. नाना शाईचे थर देत आणि पट्ट्यांच्या वेळी मुद्दाम दुसरीकडे बघत. माझा निबंध मी लिहिला नाही. लिहायला बसले की मार्चमधले पान समोर येई, आणि ते गाळून लिहिण्याइतकी मी अजून हुशार झाले नव्हते.

नवरात्र सुरू झाल्यावर तिसऱ्या दिवशी शेठ आले. या वेळी आधी चिठ्ठी पाठवली नव्हती. मॉरिशसचे पत्र त्यांनी खिशातून काढले. ते गुजरातीत होते, तीन पानांचे, आणि त्यात आधी उसाचा भाव, कापडाची गाठोडी, कोणाच्या तरी मुलाचे लग्न असे सगळे होते. शेठ ओळीवर बोट ठेवून वाचत चालले होते आणि दर दोन ओळींनी मराठीत सांगत होते. लग्नाची हकीकत संपेपर्यंत वडिलांनी दोनदा चष्मा पुसला. सून दाराआड होती. तिची सावली उंबऱ्यावर पडली होती आणि हलत नव्हती. नाना जमिनीवर बसले होते, तळहात गुडघ्यांवर उपडे ठेवून.

"मृदंग," शेठ म्हणाले आणि थांबले. बोट मागे नेऊन ती ओळ त्यांनी पुन्हा एकदा मनातल्या मनात वाचली. मग पत्र माझ्याकडे वळवले. अक्षर मला लागत नव्हते, पण ओळीच्या मधोमध आकडा होता आणि त्याच्यापुढे "ढीला" हा शब्द.

मी वही उघडली, तारीख आणि वेळ घातली, आणि मुके निघालेल्या मृदंगांच्या रकान्यात लिहिले: ३.